पार्श्वसंगीत ठीक, पण कुणाचं?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

दोन आठवड्यांपूर्वी तुमच्या रविवारच्या पुरवणीत एका छोट्या सिनेमाचं परीक्षण आलं होतं. सिनेमाचं नाव मुद्दाम लिहीत नाही कारण लिहिलं की कुणाचा बाप बोलतोय ते लगेच कळेल आणि मग घरात माझी धडगत नाही. परीक्षण चांगलं होतं, खरंच चांगलं, कॅमेऱ्यावर आख्खा परिच्छेद, हिरॉइनच्या डोळ्यांवर एक, दिग्दर्शकाच्या आधीच्या शॉर्ट फिल्मवर एक, आणि मग सगळ्यात शेवटी, जागा संपत आली की माणूस जे लिहितो तिथे, 'पार्श्वसंगीत ठीक'. बास. दोन शब्द. कुणाचं ते नाही.

ते ठीक पार्श्वसंगीत माझ्या मुलीचं आहे.

लगेच गैरसमज नको. ठीक म्हणाल्याचा राग नाहीये. ठीक वाटलं तर ठीक. टुकार म्हणाले असते तरी चाललं असतं, फक्त 'अमक्या बाईने केलेलं पार्श्वसंगीत टुकार आहे' असं लिहायला हवं होतं. शिवी द्यायची तरी नाव घेऊन द्या ना. परीक्षणाच्या खाली जी चौकट असते, दिग्दर्शक, कलाकार, छायाचित्रण, संकलन, त्यातही संगीताचा रकानाच नव्हता. मी चष्मा बदलून पुन्हा बघितलं. नव्हताच.

मी नोकरीभर हिशेब लिहिले, संगीतातलं मला काही कळत नाही, सा कुठला आणि रे कुठला ते आजही सांगता येणार नाही. पण माझ्या खोलीची आणि तिच्या खोलीची भिंत एकच आहे. त्यामुळे गेले आठ महिने हा सिनेमा मी बघायच्या आधी ऐकलाय, आणि तो पण तुकड्यातुकड्याने, एकच चौदा सेकंदांचा तुकडा रात्री एक वाजता चाळीस वेळा ऐकलेला माणूस म्हणून मी हे पत्र लिहितोय, टीकाकार म्हणून नाही.

तर एक सीन आहे. आई गेल्यानंतर मुलगा घरी येतो, तिचं कपाट उघडतो, बघत राहतो, बंद करतो. बावन्न सेकंद. डायलॉग नाही. दिग्दर्शकाने एडिट करताना त्यावर एका परदेशी सिनेमातलं चेलोचं, म्हणजे गजाने वाजवायच्या मोठ्या तंतुवाद्याचं, संगीत लावून ठेवलं होतं, याला टेम्प ट्रॅक म्हणतात, म्हणजे खरं संगीत येईपर्यंतची तात्पुरती सोय. पण तात्पुरतं म्हणून घरी आलेला पाहुणा मुक्काम ठोकतो तसं होतं त्याचं. चार महिने एडिटच्या टेबलावर तोच तुकडा ऐकून ऐकून दिग्दर्शक त्याच्या प्रेमात पडतो आणि मग संगीतकाराला सांगतो, असंच पाहिजे पण हे नको. म्हणजे काय करायचं? मी तिला म्हटलं, हे म्हणजे साहेब लोकांनी मागच्या वर्षीचाच ताळेबंद द्या पण आकडे नवीन टाका म्हणण्यासारखं झालं. ती हसली नाही.

हे दुखणं जुनंच आहे म्हणे. १९६८ साली आलेल्या '२००१ : अ स्पेस ओडिसी'साठी अ‍ॅलेक्स नॉर्थ या नावाजलेल्या संगीतकाराने संगीत लिहून, ऑर्केस्ट्रा बसवून, रेकॉर्ड करून दिलं, आणि दिग्दर्शक कुब्रिकने ते सगळंच्या सगळं बाजूला ठेवून एडिटच्या वेळी लावलेलं जुनं शास्त्रीय संगीतच कायम केलं. नॉर्थला कुणी कळवलंसुद्धा नाही, सिनेमा पडद्यावर बघताना समजलं की आपला एक सूरही यात नाही. जगातल्या लोकांना तो सिनेमा त्या संगीतामुळेच आठवतो, त्यामुळे कुब्रिक चुकला असं म्हणवत नाही. पण मी त्या नॉर्थच्या खुर्चीचा विचार करतो. अंधारात बसून तो काय करत असेल तेव्हा.

परत कपाटाकडे येतो. मुलीने पहिली चाल केली ती मी भिंतीपलीकडून ऐकली आणि खरं सांगतो, पाणी आलं डोळ्यात. म्हटलं झालं काम. दिग्दर्शक आला, ऐकलं, म्हणाला सुंदर आहे पण हे मला सांगतंय की रड. नको. मग चाल कमी केली. मग अजून कमी. पियानो गेला, मग खालचे स्वर गेले, नऊ व्हर्जन झाली आणि नवव्यात काय उरलं तर चेलोचा एकच सूर, इतका हळू की गज तारेवर घासल्याचा आवाज सुरापेक्षा जास्त येतो, आणि तो सुद्धा कपाट उघडताना नाही, बंद झाल्यावर. चौदा सेकंद. अडतीस सेकंद नुसती शांतता आणि चौदा सेकंद एक सूर. मला हिशेबी माणसाला वाटलं फसवणूक झाली पोरीची, आठ व्हर्जन कचऱ्यात गेली, याचे पैसे कोण देणार. थिएटरात बघितलं तेव्हा शेजारचे गृहस्थ मघापासून खुर्चीत चुळबुळ करत होते, तो सूर आला आणि ते थांबले. सुरामुळे थांबले का पाठ दुखायची थांबली म्हणून थांबले देव जाणे, पण थांबले. आणि मला कळलं की पहिलं व्हर्जन माझ्यासाठी होतं आणि नववं त्या सिनेमासाठी.

तुमच्या परीक्षणात या सीनचं कौतुक आहे बरं का. 'दिग्दर्शकाने हा प्रसंग अत्यंत संयमाने हाताळला आहे' असं वाक्य आहे. संयम होताच, त्याचाही होता, मी नाही म्हणत नाही. पण त्या संयमातली आठ व्हर्जन आमच्या भिंतीपलीकडची होती.

आता थोडं फ्रेमबद्दल, कारण हे मला कळतं, आकडे आहेत. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमने, म्हणजे २४ स्थिर चित्रांनी, चालतो. म्हणजे मिनिटाला ७२ ठोक्यांची लय धरली तर एक ठोका बरोबर वीस फ्रेमचा. संगीतकार हे हिशेब करून बसतो, इथे दार आपटतं, इथे ती वळते, ठोका इथे पडला पाहिजे किंवा मुद्दाम इथे पडता कामा नये. म्हणून कुठल्या सीनवर संगीत कधी सुरू होणार, कधी थांबणार हे आधी दिग्दर्शकाबरोबर बसून ठरवतात आणि त्यानंतर एडिटला हात लावायचा नाही असा नियम असतो, त्याला पिक्चर लॉक म्हणतात. छोट्या सिनेमात हे लॉक आमच्या जुन्या सायकलच्या कुलपासारखं असतं, हिसका दिला की उघडतं. एका रात्री मेसेज आला की फार काही नाही, फक्त अकरा फ्रेम काढल्यात. अकरा फ्रेम म्हणजे अर्धा सेकंद पण नाही. पण वीस फ्रेमच्या ठोक्यात अकरा फ्रेम गेल्या म्हणजे ठेका निम्म्याहून जास्त सरकला, आणि त्याच्या पुढचं सगळंच सरकलं, जे दारावर पडत होतं ते आता भिंतीवर पडतंय. तिने पहाटेपर्यंत बसून सगळा क्यू, म्हणजे त्या सीनचा संगीताचा तुकडा, परत जुळवला. मी सकाळी विचारलं काय झालं तर म्हणे काही नाही बाबा, अकरा फ्रेम.

पैशाचं काय तर पैसे संगीतापर्यंत पोचेस्तोवर संपलेले असतात. यात कुणी लबाडी करतो असं नाही, कामाचा क्रमच तसा आहे, शूटिंग आधी, एडिट नंतर, संगीत सगळ्यात शेवटी, आणि शूटिंगला पाऊस आला, कुणी आजारी पडलं, लोकेशन हातचं गेलं की जे जे जास्तीचं खर्च होतं ते सगळं शेवटच्या माणसाच्या ताटातून जातं. मग वीस वादकांच्या जागी सॅम्पल लायब्ररी येते, म्हणजे खऱ्या वादकांनी एकेक सूर वेगवेगळ्या तऱ्हेने वाजवून रेकॉर्ड केलेला असतो आणि कीबोर्डवरून तो बोलावता येतो. ते सगळं कॉम्प्युटरमधलं आणि त्याच्यावर एकच खराखुरा चेलोवाला बसवायचा, की त्या एकाचा श्वास आणि चुकामाकासुद्धा बाकीच्यांना उधार मिळतात. ही युक्ती मला फार आवडली. त्या चेलोवाल्याचं रेकॉर्डिंग आमच्याच घरात झालं, पंखा बंद, फ्रिज बंद, फोन बंद, आणि मी दुसऱ्या खोलीत शिंक दाबून दोन तास.

इथे लोक लगेच मोठमोठ्या गोष्टी सांगतात. रविशंकरांनी 'पथेर पांचाली'चं संगीत एका बैठकीत, अकराएक तासांत उरकलं. जॅझवाल्या माइल्स डेव्हिसने डिसेंबर १९५७ मध्ये पॅरिसला एका रात्रीत पडद्याकडे बघत बघत एका फ्रेंच सिनेमाचं संगीत ट्रम्पेटवर वाजवून टाकलं. 'द थर्ड मॅन'ला १९४९ साली दिग्दर्शकाने व्हिएन्नात गाठ पडलेल्या एका झिदर वाजवणाऱ्याला घेतलं आणि आख्खा सिनेमा त्या एका तंतुवाद्यावर उभा राहिला. 'सायको'मध्ये तर फक्त तंतुवाद्यं आहेत, एक बासरी नाही की एक ढोल नाही, आणि गंमत म्हणजे त्या न्हाणीघरातल्या खुनाच्या सीनला संगीत नकोच असं दिग्दर्शक हिचकॉकचं म्हणणं होतं, संगीतकार बर्नार्ड हरमनने तरीही लिहून ऐकवलं आणि मग हिचकॉकने मत बदललं. सगळं खरं आहे आणि मला पण या गोष्टी आवडतात. पण त्या कुठल्या वेळेला सांगितल्या जातात ते बघा. निर्मात्याचं बजेट संपलं की माइल्स डेव्हिसची आठवण होते. बघ, त्याने एका रात्रीत केलं! अहो पण त्या रात्रीच्या मागे त्याचे किती वर्षांचे रियाज होते, आणि रविशंकर तोपर्यंत पस्तिशीचे, आयुष्य सतारीवर घातलेले. एका रात्रीत सिनेमा झाला, ती रात्र यायला पंधरा-वीस वर्षं लागली. नवीन पोरांकडे ती मागची वर्षंच नाहीत, त्यांना निदान चार महिने तरी द्या.

यातली एक गोष्ट मात्र मी स्वार्थाने आवडून घेतली आहे. 'हॅलोविन' नावाचा भीतीचा सिनेमा, १९७८चा, अगदी कमी पैशात केलेला. दिग्दर्शक जॉन कारपेंटरने संगीत पण स्वतःच केलं, तीन-एक दिवसात, आणि त्याची ती पियानोची सुप्रसिद्ध धून पाचाच्या ठेक्यात आहे, चाराची सवय असलेल्या कानाला प्रत्येक फेरीत पायरी चुकल्यासारखं होतं. हा पाचाचा ठेका त्याला लहानपणी त्याच्या वडिलांनी बाँगोवर शिकवला होता. मी माझ्या मुलीला काय शिकवलं? व्याजाचा दर. तरी तिला मी हे सांगितलं तर म्हणाली, बाबा अकरा फ्रेमचा हिशेब मला तोंडी कसा जमतो असं वाटतं तुम्हाला?

असो. मूळ मुद्दा नावाचा आहे.

आपल्याकडे 'संगीत' म्हटलं की गाणी. पोस्टरवर संगीत अमुक म्हणजे गाणी अमुकची, आणि बाकीचा दीड तास जे वाजत असतं किंवा मुद्दाम वाजत नसतं ते करणारा माणूस बऱ्याचदा वेगळाच असतो, त्याचं नाव खाली कुठेतरी पाळीपाळीने सरकत जातं तोवर लोक उठून बाहेर गेलेले असतात. छोट्या सिनेमात तर कित्येकदा गाणी नसतातच, मग परीक्षण लिहिणाऱ्याला वाटतं संगीतावर लिहायला काही नाही. उलट आहे हो. गाणी नसतात तेव्हा संगीतकाराला लपायला जागा नसते. अलोकनंदा दासगुप्ता या बाईंचं उदाहरण घ्या, 'शाळा' आणि 'फँड्री' हे आपले मराठी सिनेमे, त्यांचं पार्श्वसंगीत त्यांनी केलेलं, पुढे त्यांनी मोठ्या वेब सिरीज केल्या तेव्हा नाव सगळीकडे झालं. तुमच्या ओळखीत ज्यांनी हे दोन्ही सिनेमे बघितलेत आणि मनापासून आवडलेत अशा दहा जणांना विचारा पार्श्वसंगीत कुणाचं होतं. मी विचारलं. सगळे 'फँड्री' म्हटल्यावर शेवटचा दगड सांगतात.

आणि नाव गाळायची ही रीत काही आजची किंवा आपलीच नाही. ऑस्करमध्ये संगीताचं बक्षीस सुरू झालं ते १९३४च्या सिनेमांपासून आणि पहिली चार वर्षं ते बक्षीस ज्याने संगीत लिहिलं त्याला मिळायचंच नाही, स्टुडिओच्या संगीत खात्याच्या प्रमुखाला मिळायचं! हेड क्लार्कने लिहायचं आणि साहेबाने सही करायची, हे मी नोकरीत भरपूर बघितलंय त्यामुळे मला फार नवल वाटलं नाही. पण चार वर्षांनी त्यांनी तरी सुधारलं.

नाव छापणं म्हणजे नुसती हौस भागवणं नाही, पोटापाण्याशी त्याचा संबंध आहे म्हणून इतकं लांबण लावतोय. २०१२ साली आपल्या कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली त्याप्रमाणे सिनेमा थिएटरात दाखवला जातो तेवढं सोडून बाकी ठिकाणी संगीत वापरलं गेलं तर त्या रॉयल्टीतला संगीतकाराचा वाटा त्याच्याकडून कंत्राटात लिहून घेता येत नाही, तो त्याचाच राहतो, गेला तर वारसाकडे नाहीतर वसुलीसाठी कॉपीराइट सोसायटीकडे. चांगला कायदा आहे. पण पैसे पोचायला क्यू शीट लागते, म्हणजे कुठला तुकडा किती मिनिटं किती सेकंद वाजला आणि कुणी केला याचा तक्ता, आणि छोट्या सिनेमात हा तक्ता भरायचं काम कुणाचंच नसतं. मुलीच्या आधीच्या एका फिल्मचा भरलाच गेला नव्हता. निर्मात्याला विचारलं तर तो बिचारा प्रामाणिकपणे म्हणाला, क्यू शीट म्हणजे काय? मग मीच बसून भरला, एकतीस क्यू, सेकंदासकट, आयुष्यात इतक्या आनंदाने कुठला तक्ता भरला नसेल. तर जिथे कागदावर नाव राहत नाही तिथे निदान पेपरात तरी राहावं, कारण पुढचा सिनेमा करणारा दुसरा नवीन दिग्दर्शक तुमचं परीक्षण वाचून शोधतो की हे काम कुणी केलं, आणि चौकटीत नावच नसेल तर तो शोधणार कुठे.

आणि अजून एक, हे कदाचित तुमच्या परीक्षकांना माहीत नसेल म्हणून सांगतो, तक्रार म्हणून नाही. सिनेमात जे ऐकू येतं त्यातलं किती संगीत आणि किती साउंड, म्हणजे पावसाचे-दारांचे आवाज, हे फायनल मिक्सला, सगळं एकत्र जुळवताना ठरतं, आणि तिथे संगीतकाराला आपली आवडती जागा सोडून द्यावी लागते. एका पावसाच्या सीनला मुलीने तीन आठवडे घालवून जे काही केलं होतं ते मिक्सला साउंड डिझायनरच्या पावसाखाली पार बुडालं. मला वाटलं आता भांडण. तर तीच म्हणाली संगीत काढूनच टाका, पाऊस चांगला आहे. घरी येऊन मला म्हणाली त्या पावसात सूर आहेत बाबा, माझ्यापेक्षा बरे. मला ते पटलं नाही अजून, तीन आठवडे म्हणजे तीन आठवडे, पण असा माणूस 'ठीक' या शब्दात बसतो का एवढंच विचारतो.

तुम्ही लोक अशांना 'उदयोन्मुख संगीतकार' म्हणता. म्हणा. सिनेमासाठी म्हणून मुद्दाम संगीत लिहिणाऱ्या सुरुवातीच्या मंडळींत फ्रान्सचे सॅं-सॉन्स होते, १९०८ साली, एका छोट्याशा मूकपटासाठी. तेव्हा त्यांचं वय ७३ होतं. म्हणजे सिनेमात तेही उदयोन्मुखच. माझी मुलगी तेहतीस वर्षांची आहे, तिच्या हातात अजून चाळीस वर्षं आहेत असं धरून चालतो, पण तोवर मी नसेन म्हणून घाई करतोय.

मागणी साधी आहे. त्या चौकटीत एक ओळ वाढवा, पार्श्वसंगीत, पुढे नाव. गाणी वेगळ्याची असतील तर दोन ओळी. जागा नसेल तर ते तारे कमी करा, साडेतीन ताऱ्यांच्या चित्राला जेवढी जागा लागते त्यात तीन नावं बसतात, मी पट्टीने मोजलंय. आणि परीक्षकांना सांगा की एखादा सीन फार आवडला तर 'दिग्दर्शकाने संयमाने' लिहायच्या आधी डोळे मिटून तो एकदा नुसता ऐकावा. त्यानंतरही ठीकच वाटलं तर ठीक लिहा.

कळावे, लोभ असावा.
आपला वीस वर्षांपासूनचा वर्गणीदार,
एका संगीतकाराचा बाप

ता.क. हे पत्र मुलीला दाखवलेलं नाही. छापणार असाल तर आदल्या दिवशी कळवलंत तर बरं होईल, तो पेपर तिच्या आधी मला उचलायला हवा. सध्या ती नवीन काम करतेय, भिंतीपलीकडून रोज एक लकेर ऐकू येते आणि ती माझ्या तोंडात बसलीय, काल जिन्यात शीळ घालत होतो तर वर येऊन म्हणाली बाबा ती नका वाजवू, ती कालच काढून टाकली.